पाच वर्षांचं घड्याळ : अमेरिकन कॉलेज फुटबॉलमधला बचावपटू घडतो कसा

जे. जे. वॉट २००७ मध्ये सेंट्रल मिशिगन विद्यापीठात खेळायला लागला तो टाइट एंड म्हणून. टाइट एंड म्हणजे चेंडू झेलणारा आणि वेळ पडली तर धक्के देऊन वाट मोकळी करणारा, आक्रमणातला गडी. त्या हंगामात त्याने ८ झेल घेतले, ७७ यार्ड मिळवले. पाच वर्षांनी, २०१२ मध्ये, तोच माणूस एनएफएल या व्यावसायिक लीगमधला वर्षाचा सर्वोत्तम बचावपटू ठरला. मधल्या काळात त्याने विद्यापीठ बदललं, शिष्यवृत्तीवर पाणी सोडलं, आक्रमणातून बचावात आला, एक अख्खा हंगाम सामना न खेळता काढला आणि कॉलेजचं एक वर्ष हातात असतानाच बाहेर पडला. कॉलेज बचावपटूच्या वाटेवर जेवढी वळणं असतात, त्यातली बहुतेक त्याने चार वर्षांत घेतली. म्हणून या लेखात अधूनमधून त्याच्याकडे परत येऊ.

आधी खेळ, जेवढा लागतो तेवढा

नावात फुटबॉल असला तरी चेंडूला पाय क्वचितच लागतो. मैदान १०० यार्ड लांब, म्हणजे ९१ मीटरच्या आसपास, आणि दोन्ही टोकांना दहा-दहा यार्डांचा पट्टा. चेंडू ज्यांच्याकडे आहे त्यांनी चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचं. सरकले की पुन्हा चार प्रयत्न मिळतात, नाहीतर चेंडू समोरच्यांकडे जातो. आक्रमणाचे अकरा वेगळे, बचावाचे अकरा वेगळे. ताबा बदलला की सगळे अकरा बाहेर येतात आणि दुसरे अकरा आत जातात. दोन्हीकडे खेळणारा आजच्या काळात विरळा. कोलोराडो विद्यापीठाच्या ट्रॅव्हिस हंटरने २०२४ मध्ये ते केलं आणि कॉलेज फुटबॉलचा सर्वात मोठा मान असलेली हाइझमन ट्रॉफी नेली.

बचावाच्या तीन फळ्या असतात. पुढे लाइन : तीन किंवा चार धिप्पाड गडी, हात जमिनीला टेकवून बसलेले. त्यांच्या मागे चारपाच यार्डांवर लाइनबॅकर. सगळ्यात मागे आणि कडेला कॉर्नरबॅक व सेफ्टी, ज्यांना मिळून सेकंडरी म्हणतात. पूर्वी सेकंडरीत चारच जण असत. आता आक्रमणं चेंडू फेकण्यावर इतकी भर देतात की पाचवा, 'निकेल' नावाचा गडी बहुतेक कॉलेज संघांत कायमचाच झालाय आणि त्याच्यासाठी एका लाइनबॅकरची जागा गेलीय.

हे सगळं टीव्हीवर बघताना नवख्याची एक गफलत होते : त्याला वाटतं, बचावपटूचं काम चेंडूमागे धावायचं. खरं काम म्हणजे आपलं दार राखणं. आक्रमणाच्या पुढच्या रांगेत मध्ये सेंटर, त्याच्या दोन्ही बाजूंना गार्ड, त्यांच्या बाहेर टॅकल असे पाच जण असतात. दोन माणसांमधली फट म्हणजे गॅप. सेंटर आणि गार्ड यांच्यातली ए, गार्ड आणि टॅकल यांच्यातली बी, त्याबाहेरची सी. प्रत्येक डावापूर्वी प्रत्येक फटीला एक मालक ठरलेला असतो. चेंडू उजवीकडे पळतोय म्हणून डावीकडच्याने आपलं दार उघडं टाकून मदतीला धाव घेतली, की पळणारा एक पाऊल रोवून नेमका त्या उघड्या दारातून मागे फिरतो. कॉलेजातल्या ज्या लांबलचक धावांवर प्रेक्षक उभे राहतात, त्यांतल्या कितीतरी अशाच सुरू होतात. पडद्यावर शेवटी हुकलेला सेफ्टी दिसतो, चूक मात्र तीन सेकंद आधी दुसऱ्याच कुणाची तरी झालेली असते.

पहिलं पाऊल, हात आणि कमरेची उंची

लाइनमनचा डाव पहिल्या सेकंदात निम्मा ठरतो. सेंटरने चेंडू मागे दिला, म्हणजे स्नॅप झाला, की निघायचं. आवाजावर नाही, चेंडूच्या हालचालीवर. समोरचा क्वार्टरबॅक, म्हणजे तो चेंडू घेऊन फेकणारा गडी, मुद्दाम आवाजाचा ठेका बदलून फसवतो आणि आधी हललं तर पाच यार्डांचा दंड होतो. पहिलं पाऊल लांब टाकलं तर तोल हवेत राहतो, म्हणून ते जेमतेम वीतभर, पण झटकन टाकायचं. दुसरं पाऊल टेकेपर्यंत दोन्ही तळवे समोरच्याच्या छातीवरच्या पॅडला आतल्या बाजूने भिडलेले हवेत, अंगठे वर आणि कोपर अंगालगत. हात बाहेरून गेले तर समोरचा आतून पकड घेतो आणि मग गाडी त्याच्या हातात.

'खाली राहील तो जिंकेल' हे तिथल्या प्रत्येक प्रशिक्षकाचं पालुपद. कुस्ती पाहिलेल्या माणसाला हे वेगळं समजवावं लागत नाही. ज्याची कंबर वर, त्याचा पट निघणार. अमेरिकेतले लाइन-प्रशिक्षक शाळेत कुस्ती केलेली पोरं मुद्दाम शोधतात ती याचमुळे. उंची इथे दुधारी आहे. वॉट ६ फूट ५ इंच, तर पिट्सबर्ग विद्यापीठाचा आरोन डोनल्ड ६ फूट १ इंच, आतल्या लाइनमनच्या मानाने बुटकाच. पण त्याची कंबर मुळातच खाली आणि पहिलं पाऊल विजेसारखं. २०१३ च्या हंगामात त्याने रेषेमागे, म्हणजे चेंडू जिथून सुरू होतो त्याच्या मागे, २८.५ टॅकल केले (इथे टॅकल म्हणजे जागा नव्हे, चेंडूवाल्याला पाडणं), ११ सॅक घेतले, म्हणजे क्वार्टरबॅकला फेकण्याआधीच पाडलं, आणि बचावपटूंचे बहुतेक मोठे पुरस्कार एकट्याने उचलले.

क्वार्टरबॅकपर्यंत पोहोचता आलं नाही तर काय, याचं उत्तर वॉटच्या खेळात सापडतं. तो फेकणाऱ्याच्या हातांकडे बघायचा. क्वार्टरबॅक चेंडू दोन्ही हातांनी धरून उभा असतो. न फेकणारा हात चेंडूवरून सुटला की पुढच्या क्षणी फेक येणार. त्या क्षणी पाय थांबवून हात वर. आधी उडी मारली तर क्वार्टरबॅक खालून निसटतो, उशीर झाला तर चेंडू गेलेला असतो. २०१२ मध्ये वॉटने एनएफएलमध्ये असे १६ पास अडवले. लाइनमनसाठी हा आकडा अचाट आहे.

लाइनबॅकर वाचतो, कॉर्नर मागे पळतो

लाइनबॅकरचं काम निम्मं डोळ्यांचं. स्नॅपनंतर तो चेंडू बघत नाही, समोरचा गार्ड बघतो. गार्डचं हेल्मेट खाली झुकून पुढे आलं तर धावेचा डाव. हेल्मेट वर राहून गार्ड मागे सरला तर पास. गार्ड रेषेमागून आडवा पळाला तर चेंडू बहुतेक त्याच दिशेने चाललाय. हे वाचून पाऊल टाकायला अर्धा सेकंदही मिळत नाही. त्यात कॉलेजचा एक नियम बचावाच्या मुळावर येतो. पुढे फेक होईपर्यंत आक्रमणाच्या लाइनमनला कॉलेजात रेषेपुढे तीन यार्ड जाता येतं, एनएफएलमध्ये एकच. म्हणजे गार्ड धावेसारखा पुढे येतो, लाइनबॅकर ते वाचून आत शिरतो आणि क्वार्टरबॅक त्याच्या मागच्या रिकाम्या जागेत चेंडू टाकतो. गड्याने बरोबर वाचलं तरी शिक्षा त्यालाच. यावर पक्का उपाय कुणाकडे नाही. एक सेफ्टी पुढे आणून धाव त्याच्यावर सोपवायची आणि लाइनबॅकरला क्षणभर थांबायला सांगायचं, एवढंच करतात.

कॉर्नरबॅकचं दुखणं वेगळं : त्याला जगातली काही सर्वांत वेगवान पोरं समोर ठेवून उलट्या पावलांनी पळायचं असतं. नजर झेलणाऱ्याच्या कमरेवर, कारण खांदे आणि डोकं खोटं बोलतात, कंबर बोलत नाही. मैदानाची आखणीही त्याला सतावते. रुंदी १६० फूट. चेंडू कुठून ठेवायचा हे ठरवणाऱ्या खुणांच्या दोन ओळींमध्ये कॉलेजात ४० फूट अंतर असतं, एनएफएलमध्ये साडेअठरा. त्यामुळे कॉलेजात चेंडू एका खुणेवर ठेवला की एका बाजूला ६० फूट आणि दुसऱ्या बाजूला तब्बल १०० फूट मोकळं रान. रुंद बाजूचा कॉर्नर आणि अरुंद बाजूचा कॉर्नर ही कॉलेजात जवळजवळ दोन वेगळी पदं आहेत. एकाला पळता आलं पाहिजे, दुसऱ्याला अंगावर येणारी धाव अडवता आली पाहिजे.

टॅकल चुकतो कुठे

टॅकल म्हणजे कबड्डीतली पकडच, फक्त समोरचा पूर्ण वेगात आणि कदाचित शंभर किलोचा. क्रम असा : शेवटचे तीनचार यार्ड आले की पावलं लहान करायची, पण थांबवायची नाहीत. नजर त्याच्या मांडी-कमरेच्या पट्ट्यावर. जवळचा पाय त्याच्या पायांजवळ रोवायचा, त्याच बाजूचा खांदा लावायचा, डोकं वर आणि अंगाच्या बाहेर. मग दोन्ही हात मांड्यांमागे आवळून पाय चालू ठेवायचे.

चुका ठरलेल्या आहेत. पावलं फार लवकर थांबली की गडी जागेवर खिळतो आणि पळणारा वळसा घालून जातो. पाय लांब राहिले की नुसते हात लागतात, आणि नुसत्या हातांनी जोरात आलेला माणूस थांबत नाही. सर्वांत घातक चूक म्हणजे मान झुकवून हेल्मेटच्या टाळूने धडक देणं. त्या स्थितीत मानेचे मणके एका सरळ रेषेत येतात आणि धक्का जिरवायला वळण उरत नाही. मणका मोडतो तो असा. म्हणून हेल्मेटच्या माथ्याने केलेली किंवा असहाय खेळाडूच्या डोक्या-मानेवर केलेली धडक 'टार्गेटिंग' ठरते आणि २०१३ पासून त्यासाठी १५ यार्डांच्या दंडाबरोबर सामन्यातून हकालपट्टीही होते. एका सेकंदाच्या ढिसाळपणात संघाचा मुख्य सेफ्टी बाहेर बसलेला बऱ्याचदा दिसतो.

चार हंगाम, पाच वर्षं

आता कारकिर्दीचा हिशेब. कॉलेजच्या वरच्या स्तरावर, ज्याला एफबीएस म्हणतात, १३० हून जास्त संघ आहेत. ऑगस्टअखेरीपासून डिसेंबरच्या सुरुवातीपर्यंत प्रत्येकाचे साधारण १२ सामने होतात आणि २०२४ पासून राष्ट्रीय विजेतेपदासाठी १२ संघांची बाद फेरी.

शाळेतून निवड होते ती सामन्यांच्या चित्रफिती, उन्हाळी शिबिरं आणि भरतीच्या कंपन्यांनी दिलेले तारे बघून. पाच तारे म्हणजे हिरा, दोन म्हणजे 'बघू'. वॉट दोन ताऱ्यांचा होता. अभ्यासाची चाळणीही आहे : शाळेत ठरवून दिलेले १६ मुख्य विषय आणि त्यात किमान २.३ ची सरासरी (४ पैकी). पुढे कॉलेजात तिसऱ्या वर्षाच्या सुरुवातीला पदवीचा ४० टक्के, चौथ्याच्या ६० आणि पाचव्याच्या ८० टक्के अभ्यासक्रम पूर्ण झालेला लागतो. यात मागे पडला तर मैदानावर कितीही चांगला असो, बाकावर.

खेळायला चार हंगाम मिळतात आणि ते वापरायला पाच वर्षं. हे घड्याळ कॉलेजात पूर्ण वेळ नाव घातल्या दिवशी सुरू होतं आणि सहसा थांबत नाही. ज्या वर्षी खेळला नाही, ते वर्ष 'रेडशर्ट'. २०१८ पासून त्यात सवलत आहे : चारपर्यंत सामने खेळूनही हंगाम खर्ची पडत नाही. त्यामुळे पहिल्या वर्षाच्या पोराला दोन सोपे सामने, दोन शेवटचे सामने असं चाखवून त्याचा हंगाम राखून ठेवतात. सुरुवातीलाच मोठी दुखापत झाली तर वैद्यकीय सवलतीचा वेगळा अर्ज करता येतो.

वॉटचं घड्याळ लावून बघा. २००७ : सेंट्रल मिशिगनमध्ये खेळला, एक हंगाम गेला. २००८ : विस्कॉन्सिनला आला. तेव्हाच्या नियमाने विद्यापीठ बदलणाऱ्याला एक वर्ष बसावं लागे, म्हणून रेडशर्ट. २००९ आणि २०१० : खेळला. झाले तीन हंगाम, चार वर्षं. २०११ चा चौथा हंगाम शिल्लक होता, तो त्याने घेतलाच नाही.

२००८ चं ते वर्ष जरा थांबून बघण्यासारखं आहे. विस्कॉन्सिनने त्याला शिष्यवृत्ती दिली नव्हती. तो 'वॉक-ऑन', म्हणजे पदरच्या पैशाने शिकणारा गडी म्हणून आला. मधल्या काळात गावी घरोघर पिझ्झा पोचवण्याचं काम करत होता. त्या वर्षी तो स्काउट टीममध्ये होता. स्काउट टीम म्हणजे येत्या शनिवारच्या प्रतिस्पर्ध्याची नक्कल करणारा संघ. प्रशिक्षक एक कार्ड दाखवतो, त्यावर प्रतिस्पर्ध्याची रचना काढलेली असते. वॉटसारख्याने त्यांच्या लाइनमनचं सोंग घेऊन आपल्याच पहिल्या फळीवर आदळायचं. आठवड्याला नवा प्रतिस्पर्धी, नवं सोंग. विस्कॉन्सिनची आक्रमण-लाइन त्या काळात देशातल्या सर्वांत दणकट लाइनींपैकी एक होती, आणि वॉट वर्षभर रोज तिच्याशी झुंजला. जागा बदलणाऱ्या माणसाला यापेक्षा चांगली तालीम मिळणं कठीण. वर्षअखेरीस तो स्काउट टीमचा सर्वोत्तम खेळाडू ठरला.

आज हे घडलं नसतं. २०१८ मध्ये बदलीची नोंदवही, म्हणजे ट्रान्सफर पोर्टल, सुरू झाली. २०२१ मध्ये एकदा न बसता बदली करायची मुभा मिळाली आणि २०२४ मध्ये 'एकदा'ची अटही गेली. आजचा वॉट दुसऱ्याच हंगामात मैदानावर दिसला असता, बहुधा टाइट एंड म्हणूनच. खेळाडूला मोकळीक मिळाली हे योग्यच झालं. प्रशिक्षक भर हंगामात दुसऱ्या नोकरीवर निघून जात होते आणि पोरांना मात्र बेड्या होत्या. पण बचावाच्या लाइनमनच्या बाबतीत घाईचा तोटा खरा आहे. कॉर्नर एकोणिसाव्या वर्षी खेळू शकतो, आतल्या लाइनमनचं अंग भरायला बाविसावं उजाडतं. दरवर्षी नव्या प्रशिक्षकाकडे नवी पावलं शिकणारा लाइनमन शेवटी कुठलीच पावलं घोटून घेत नाही.

आठवडा, वजन आणि पैसा

हंगामात आठवड्याला २० तासांहून जास्त अधिकृत सराव घेता येत नाही आणि एक दिवस सुट्टी द्यावी लागते. कागदावर हे सुटसुटीत दिसतं. प्रत्यक्षात सामन्याचा दिवस कितीही लांबला तरी तीन तासच धरतात, आणि फिजिओकडचे उपचार किंवा स्वतःहून बघितलेल्या चित्रफिती यात मोजतच नाहीत. साधारण क्रम असा : रविवारी मागच्या सामन्याची चिरफाड आणि हलका व्यायाम. मंगळवार-बुधवार पॅड बांधून खरा सराव. गुरुवारी वेग तोच, धडका नाहीत. शुक्रवारी चालत-चालत उजळणी किंवा प्रवास. शनिवारी सामना. वसंतात वेगळी १५ सत्रं असतात, आणि जागा बदलण्याचे प्रयोग मुख्यतः तेव्हाच होतात.

जागा बदलणं ही इथे नामुष्की नाही. शाळेतला सेफ्टी कॉलेजात दहा किलो वाढवून लाइनबॅकर होतो, लाइनबॅकर लाइनच्या टोकाला जातो, टाइट एंड वॉट होतो. वजन मात्र सावकाश चढवावं लागतं, आठवड्याला अर्धा किलोच्या आसपास. त्याहून घाई केली की चरबी चढते, पहिलं पाऊल मंदावतं आणि गुडघे कुरकुरतात. लाइनमन दिवसाला पाच हजार कॅलरी सहज खातात. सराव संपल्यावर तेवढं खाणं बंद करणं हे कारकिर्दीनंतरचं एक वेगळंच काम होऊन बसतं.

पैशाचं चित्र अलीकडे पार पालटलंय. पूर्वी शिष्यवृत्ती म्हणजे फी, राहणं, जेवण, पुस्तकं आणि पुढे वरखर्चाची थोडी रक्कम, एवढंच. अशा शिष्यवृत्त्या एका संघाला जास्तीत जास्त ८५ देता येत. १ जुलै २०२१ पासून खेळाडूला स्वतःचं नाव आणि चेहरा जाहिरातीला वापरून कमावता येऊ लागलं. १ जुलै २०२५ पासून, न्यायालयीन तडजोडीनंतर, विद्यापीठं स्वतःच्या उत्पन्नातून थेट पैसे देतात. पहिल्या वर्षाची मर्यादा एका विद्यापीठाच्या सगळ्या खेळांना मिळून सुमारे २ कोटी ५ लाख डॉलर. त्याच तडजोडीने फुटबॉलच्या संघाला १०५ जणांची कमाल मर्यादा आली. त्यात सगळ्यांना शिष्यवृत्ती देता येते, पण वॉक-ऑनचा पूर्वीचा ताफा आक्रसला. वॉट ज्या दाराने आत आला ते दार त्यामुळे अरुंद झालंय. तिथल्या मराठी पालकांसाठी एक सूचना : मुलगा विद्यार्थी व्हिसावर असेल तर कुठल्याही जाहिरातीच्या करारावर सही करण्याआधी व्हिसाच्या वकिलाला विचारलेलं बरं. खेळाची परवानगी आणि कमाईची परवानगी या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

आकडे वाचायचे कसे

बचावपटूच्या पत्रकात पहिला आकडा टॅकलचा असतो आणि सर्वांत फसवा तोच. यजमान विद्यापीठाची माणसं सामना बघून तो नोंदवतात. दोघांनी मिळून पाडलं तर दोघांच्या नावावर 'साहाय्य' लागतं, आणि कुणाचा हात लागला हे नजरेवर ठरतं. शिवाय सेफ्टीचे टॅकल खूप असतील तर अनेकदा त्याचा अर्थ एवढाच, की पुढची फळी गळतेय.

त्याहून बोलका आकडा रेषेमागच्या टॅकलचा. चेंडू जिथून सुरू झाला त्याच्या मागेच गाठलं, म्हणजे समोरच्यांचा प्रयत्नही गेला आणि यार्डही गेले. क्वार्टरबॅकला फेकण्याआधी पाडलं तर सॅक. दोघांनी मिळून पाडलं तर अर्धा-अर्धा, म्हणून २८.५ सारखे आकडे दिसतात. एक गंमत : कॉलेजात सॅकमध्ये गेलेले यार्ड समोरच्या संघाच्या धावांतून वजा होतात. एनएफएलमध्ये ते पासच्या खात्यातून जातात. म्हणून 'त्यांनी धावेला फक्त ४० यार्ड दिले' हे कॉलेजचं वाक्य ऐकलं की आधी सॅक किती ते विचारावं.

कॉलेजचे सॅक अधिकृतपणे २००० पासूनच नोंदले जातात. त्यानंतरचा एका हंगामाचा विक्रम अॅरिझोना स्टेटच्या टेरेल सग्जचा : २००२ मध्ये २४. त्यापुढे वॉटचे २०१० मधले ७ सॅक किरकोळ वाटतात. पण त्याच हंगामात त्याचे रेषेमागचे टॅकल २१ होते, आणि १६ ऑक्टोबरला अव्वल क्रमांकावरच्या ओहायो स्टेटला विस्कॉन्सिनने ३१-१८ असं हरवलं तेव्हा त्याने दोन सॅक घेतले होते. निवडकर्ते सॅकइतकंच 'किती वेळा जवळ पोहोचला' हेही मोजतात. जवळ पोहोचणं हे कसब, पाडणं हा थोडा योग.

पुरस्कारांत बचावपटूंवर अन्यायच आहे. मुख्यतः बचावासाठी हाइझमन मिळवणारा एकच, मिशिगनचा चार्ल्स वुडसन, १९९७ मध्ये. नेब्रास्काच्या एन्डॅमुकाँग सूने २००९ मध्ये टेक्सासविरुद्धच्या एका अंतिम सामन्यात साडेचार सॅक घेतले, तरी तो मतदानात चौथा.

दाराबाहेर

शाळा सोडून तीन वर्षं झाल्याशिवाय एनएफएल घेत नाही. लवकर निघायचं का, हे ठरवायला खेळाडू लीगच्या सल्लागार समितीकडून अंदाज मागवू शकतो : एनएफएलचे संघ आळीपाळीने नवे खेळाडू निवडतात, त्यात आपण कितव्या फेरीत जाऊ. उत्तर तीनपैकी एक येतं : पहिली फेरी, दुसरी फेरी, किंवा कॉलेजातच थांब. फेब्रुवारी-मार्चमध्ये इंडियानापोलिसला निवडक तीनशेच्या वर मुलांची चाचणी होते. १०२ किलोची दांडी किती वेळा उचलतो, ४० यार्ड किती सेकंदांत, उभी उडी, आडवी उडी, शंकूंभोवती वळणं. लाइनमनच्या बाबतीत ४० यार्डांपेक्षा पहिल्या १० यार्डांची वेळ आणि वळणांची चाचणी जास्त सांगते, कारण सामन्यात तो सरळ ४० यार्ड पळतो कधी? वॉटने ती दांडी ३४ वेळा उचलली, जागेवरून ३७ इंच उडी मारली आणि तीन शंकूंची चाचणी ६.८८ सेकंदांत पुरी केली. १३१ किलोच्या माणसाने. चाचणीतला सर्वांत महत्त्वाचा भाग मात्र कॅमेऱ्याबाहेर होतो : डॉक्टरांची तपासणी. जुना खांदा, जुना गुडघा, सगळं तिथे बाहेर येतं.

निवड सात फेऱ्यांत होते. वॉट २०११ मध्ये अकरावा गेला, ह्यूस्टनकडे. डोनल्ड २०१४ मध्ये तेरावा. वडिलांकडून भारतीय असलेला ब्रँडन चिल्लर हा यूसीएलए विद्यापीठाचा लाइनबॅकर २००४ मध्ये चौथ्या फेरीत निवडला गेला होता. २०११ हे वर्ष पगारांसाठीही उंबरठ्याचं ठरलं. आदल्या वर्षीचा पहिला खेळाडू सॅम ब्रॅडफर्डला सहा वर्षांचे ७ कोटी ८० लाख डॉलर मिळाले. २०११ मध्ये नवोदितांच्या पगारांना शिडी लावली गेली आणि पहिल्या आलेल्या कॅम न्यूटनचा करार चार वर्षांच्या सुमारे २ कोटी २० लाखांवर आला. तेव्हापासून निवडलेल्यांचा पहिला करार चार वर्षांचा असतो आणि पहिल्या फेरीतल्यांसाठी पाचव्या वर्षाचा पर्याय संघाच्या हातात. खरा पैसा दुसऱ्या करारात. म्हणून लवकर निघण्यात व्यवहार आहे : दुसरा करार एक वर्ष आधी येतो.

न निवडलेला खेळाडूही एखाद्या संघाने घेतलं तर सराव-शिबिरात येऊ शकतो. तिथे ९० जण असतात, हंगाम सुरू होताना ५३ उरतात. कॉलेज खेळाडूंपैकी शंभरात दोघंही एनएफएलपर्यंत पोहोचत नाहीत, म्हणून वरची ४०-६०-८० टक्क्यांची अट वाटते तितकी जाचक नाही.

शरीराचा हिशेब शेवटी सगळ्यांनाच चुकता करावा लागतो. गुडघ्याचा मुख्य अस्थिबंध तुटला तर शस्त्रक्रियेनंतर परतायला ९ ते १२ महिने, म्हणजे हंगाम संपला. डोक्याला मार बसला तर पायऱ्या ठरलेल्या : लक्षणं जाईपर्यंत विश्रांती, मग हलका व्यायाम, मग खेळासारख्या हालचाली, मग धडकेविना सराव, मग पूर्ण सराव. कुठल्याही पायरीवर डोकं दुखलं तर एक पायरी मागे. परतीची परवानगी डॉक्टर देतो, प्रशिक्षक नाही. मेंदूची सीटीई ही झीज जिवंतपणी खात्रीने ओळखता येत नाही, आणि ती एका मोठ्या धडकेपेक्षा वर्षानुवर्षांच्या हजारो लहान धक्क्यांशी जोडली जाते. लाइनमनला असे धक्के जवळजवळ प्रत्येक डावात बसतात. वॉटने २०१२, २०१४ आणि २०१५ मध्ये सर्वोत्तम बचावपटूचा मान मिळवला. २०१६ मध्ये पाठीची शस्त्रक्रिया, २०१७ मध्ये गुडघ्याखालचं हाड मोडलं, २०१९ मध्ये छातीचा स्नायू फाटला. २०२२ च्या हंगामानंतर ११४.५ सॅकवर तो थांबला.

सामना बघायचा असेल तर अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावरचा दुपारी बाराचा खेळ भारतात शनिवारी रात्री साडेनऊला लागतो. नोव्हेंबरात तिथली घड्याळं मागे गेली की साडेदहाला. सेकंडरी बऱ्याचदा चौकटीबाहेर असते, त्यामुळे तिचा नाद सोडा. स्नॅपच्या क्षणी चेंडूवरची नजर काढून दोनपैकी एका गार्डवर ठेवा. त्याचं हेल्मेट खाली गेलं की वर राहिलं ते बघा आणि मग त्याच्या मागचा लाइनबॅकर कुठल्या पायाने निघाला ते. पाचसहा डावांनंतर कोण आपलं दार सोडतोय ते दिसायला लागेल.